घरच्या कोकम सरबताचा व्यवसाय कसा वाढवावा

कोकणात घरच्या रातांब्यांचे (कोकमाच्या फळांचे) सरबत करून ओळखीपाळखीत विकणारी कुटुंबे पुष्कळ आहेत. त्यांपैकी ज्यांना हा व्यवसाय खऱ्या अर्थाने वाढवायचा आहे, त्यांनी पहिला मोठा खर्च बाटल्या भरण्याच्या यंत्रावर करू नये. फळ साधारणपणे मार्चअखेरीपासून पावसाळ्याच्या तोंडापर्यंतच मिळते आणि माल मात्र वर्षभर विकायचा असतो. त्यामुळे त्या थोड्या आठवड्यांत किती फळ पदरात पडते आणि त्यासाठी किती भांडवल अडकवून ठेवता येते, यावरच वाढीची मर्यादा ठरते.

म्हणून शेजारपाजारच्या बागायतदारांशी भाव, तोडणी आणि वाहतूक यांचा करार हंगामाआधीच लेखी करावा. मे महिन्यात वळवाचा पाऊस लवकर आला की झाडावरचे पिकलेले फळ वाया जाते, हे ध्यानात घेऊन खरेदी दोन-तीन वेगवेगळ्या भागांतून करणे श्रेयस्कर. स्वतःची लागवड करायची असेल तर कलमेच लावावीत, कारण बियांच्या रोपांत सुमारे निम्मी झाडे नर निघू शकतात आणि ते कळायलाच काही वर्षे जातात. दापोलीच्या डॉ. बाळासाहेब सावंत कोकण कृषी विद्यापीठाच्या ‘कोकण अमृता’ आणि ‘कोकण हातीस’ या जातींची कलमे त्यासाठी उपयोगी आहेत.

हंगामात सगळा माल बाटल्यांत भरून टाकण्याचा मोह टाळावा. सालींत साधारण दुप्पट साखर घालून मुरवलेला अर्क आणि मिठातले आगळ (कोकमाचा खारवलेला रस) हे दोन्ही अन्नयोग्य पिंपांत साठवावेत व मागणी येईल तसे भरावेत. म्हणजे बाटल्या, लेबले आणि खोकी यांत पैसा आधीच गुंतत नाही. प्रत्येक घाण्याची तारीख, फळाचा गाव आणि ब्रिक्समापकावरील (विरघळलेल्या साखरेचे प्रमाण मोजणाऱ्या उपकरणावरील) आकडा वहीत नोंदवावा. अन्नसुरक्षा नियमांनुसार फळाच्या सरबतात किमान २५ टक्के रस आणि ६५ टक्के विद्राव्य घनपदार्थ (मुख्यतः विरघळलेली साखर) असावे लागतात, आणि घरच्या अंदाजाने केलेल्या पाकात हा दुसरा आकडा दर वेळी साधतोच असे नाही. परिरक्षक (माल टिकवणारे रसायन) वापरायचे असल्यास सोडियम बेंझोएट ठरलेल्या मर्यादेत घालावे. गंधकयुक्त परिरक्षकाने कोकमाचा लाल रंग फिका पडतो, आणि गिऱ्हाईक आधी रंगच पाहते. एफएसएसएआय या केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची नोंदणी छोट्या घरगुती उत्पादकालाही लागते, पुढे उलाढालीनुसार परवाना घ्यावा लागतो.

भांडवलासाठी २०२० मध्ये सुरू झालेल्या केंद्राच्या सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योग योजनेचा विचार जरूर करावा. तिच्यात पात्र प्रकल्प खर्चाच्या ३५ टक्के, कमाल १० लाख रुपयांपर्यंत, कर्जाशी जोडलेले अनुदान ठरवलेले आहे. मात्र अर्ज करण्यापूर्वी योजनेची चालू मुदत जिल्हा कृषी कार्यालयात विचारून घ्यावी, आणि फळखरेदीसाठी लागणारे खेळते भांडवल बँकेकडे वेगळे मागावे.

विक्रीच्या बाबतीत पाचगणीच्या मॅप्रोकडे पाहण्यासारखे आहे. १९५९ मध्ये स्ट्रॉबेरीच्या जॅमपासून सुरू झालेल्या या कौटुंबिक कंपनीने पाचगणी–महाबळेश्वर रस्त्यावर पर्यटकांना माल चाखवून विकण्याची जागा उभी केली. मुंबई–गोवा महामार्गालगत किंवा मालवण, गणपतीपुळ्यासारख्या ठिकाणी हेच लहान प्रमाणात करता येते, आणि वितरकाचे कमिशन वाचून पैसाही रोख मिळतो.

तयार पेयाकडे वळताना सोडा घालण्याचा विचार दोनदा करावा. २२ सप्टेंबर २०२५ पासून फळांच्या रसाच्या साध्या पेयांवर ५ टक्के जीएसटी आहे, तर त्याच रसात वायू भरला की ४० टक्के लागतो. सरबताचा पाक नेमका कोणत्या वर्गात मोडतो हेही करसल्लागाराकडून आधीच लेखी घ्यावे.

राहता राहिला घरातला हिशेब. दुकानाचे आणि घराचे खाते वेगळे करावे, भागीदारीचा करारनामा नोंदवावा आणि खरेदी, उत्पादन, उधारी यांसाठी एकेक माणूस जबाबदार धरावा. सरबताची चव बहुधा आई किंवा वहिनीच्या हातात असते, पण करारनाम्यात तिचे नाव नसते. तिला भागीदारी आणि दरमहा पगार द्यावा, आणि तिचे प्रमाण वजनात मोजून कृतीच्या वहीत उतरवून घ्यावे.