कोलेस्टेरॉलची गोळी: काउंटरवरून सांगते ते

‘रिपोर्ट नॉर्मल आला, आता गोळी बंद करू का?’ माझ्या मेडिकलच्या काउंटरवर हा प्रश्न रोज येतो. स्वतःहून बंद करू नका. रिपोर्ट सुधारला तो बहुधा गोळीमुळेच. सोडली की काही आठवड्यांत आकडे पुन्हा चढतात.

आपलं यकृत स्वतःच कोलेस्टेरॉल बनवतं. ही गोळी म्हणजे स्टॅटिन. ती त्यासाठी लागणारं एक एन्झाइम अडवते, मग यकृत रक्तातलं एलडीएल (‘वाईट’ कोलेस्टेरॉल) जास्त ओढून घेतं. म्हणूनच तेल-तूप कमी केलेल्यांनाही ती लागू शकते. (१९७० च्या दशकात जपानच्या अकिरा एंडो यांना पहिलं स्टॅटिन बुरशीत सापडलं, याचं मला अजून अप्रूप वाटतं.)

अ‍ॅटोरव्हास्टॅटिन, रोसुव्हास्टॅटिन कधीही घ्या, पण वेळ रोज एकच ठेवा. सिमव्हास्टॅटिन मात्र रात्री. एक दिवस चुकली तर दुसऱ्या दिवशी दोन घेऊ नका.

आता सगळ्यात महत्त्वाचं. काही जड काम न करता मांड्या, खांदे दुखू लागले तर डॉक्टरांना सांगा. त्यासोबत लघवी चहासारखी गडद झाली, तर त्याच दिवशी गाठा. घशासाठी कुणी क्लॅरिथ्रोमायसिन हे अँटिबायोटिक लिहून दिलं, तर ‘मी स्टॅटिन घेतो’ हे आधी बोला. काही स्टॅटिनांशी ते जमत नाही. ग्रेपफ्रूटचंही तसंच. गरोदर असाल किंवा दिवस राहण्याचा विचार असेल, तर लगेच डॉक्टरांशी बोला.

सुरू केल्यावर ४ ते १२ आठवड्यांनी लिपिड प्रोफाइल (कोलेस्टेरॉलची रक्ततपासणी) करा. आणि शेजारच्या काकांची स्ट्रिप उसनी आणू नका.