शाळेनं कामावरून कमी केलं तर या चुका टाळा

"उद्यापासून येऊ नका," एवढंच एका शिक्षिकेला शाळेच्या ऑफिसात सांगितलं. दुसऱ्या दिवशी ती नेहमीच्या वेळी शाळेत गेली, मस्टर उघडलं, तर नावावर लाल शाईची रेघ. हातात आदेश नाही, कारण नाही. तिनं शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज दिला, संघटनेच्या लोकांना भेटली, अध्यक्षांच्या घरी दोनदा जाऊन आली. माझ्याकडे आली तेव्हा अडीच महिने उलटले होते.

मी अनुदानित शाळेत शिकवत निवृत्त झाले, आणि कर्मचाऱ्याची प्रतिनिधी म्हणून चौकशी समित्यांवर बसले. बाजू खरी असूनही तारीख चुकल्यामुळे अडकलेली माणसं पाहिली की जीव तुटतो.

महाराष्ट्रात खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींसाठी 1977 चा कायदा आणि 1981 ची नियमावली आहे. "आमची विनाअनुदानित शाळा, आम्हाला कसला कायदा?" असं पुष्कळ शिक्षक म्हणतात, आणि संस्थाचालक त्यांना तसं म्हणू देतात. शाळा मान्यताप्राप्त असेल तर अनुदान असो वा नसो, हा कायदा लागू आहे. अल्पसंख्याक शाळांना मुख्याध्यापक आणि आणखी जास्तीत जास्त तिघांच्या भरतीपुरती सूट आहे, तीही नावं शिक्षण संचालकांना कळवली असतील तर.

या कायद्याच्या कलम 9 प्रमाणे शाळा न्यायाधिकरणात (अशा तक्रारी ऐकणाऱ्या खास न्यायालयात) अपील करायला आदेश मिळाल्यापासून 30 दिवस मिळतात. शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज दिला म्हणून हे दिवस थांबत नाहीत. तोंडी काढलं असेल तर त्याच दिवशी संस्थेला पत्र लिहा: मी आज इतक्या वाजता हजर झाले, मला सही करू दिली नाही, मी काम करायला तयार आहे. एक प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना पाठवा, टपालाच्या पावत्या जपा आणि 30 दिवस त्या दिवसापासूनच मोजा. मुदत टळली असली तरी घरी बसू नका. सबळ कारण असेल तर न्यायाधिकरण उशीर माफ करू शकतं, पण मग प्रत्येक दिवसाचा हिशेब द्यावा लागतो. त्या मॅडमचा सुरुवातीचा वेळ त्यातच गेला.

कामगार न्यायालयात जाऊ नका. शिक्षक हा तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्यातला 'कामगार' नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 1988 मध्ये गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात ठरवलं आहे.

राजीनाम्याबद्दल मला सगळ्यात कळकळीनं सांगायचंय. रुजू होताना कोऱ्या कागदावर किंवा तारीख न घातलेल्या राजीनाम्यावर सही घेतात, आणि नोकरीची गरज असलेला माणूस ती करतो. कलम 7 मध्ये राजीनाम्याची रीत आहे: दोन प्रती, दोन्हींवर सही आणि तारीख, एक प्रत नोंदणीकृत टपालानं व्यवस्थापनाला, दुसरी स्वतःजवळ. असा कागद तुमच्याकडून आधीच घेतला असेल आणि तो बाहेर काढला, तर "मी राजीनामा दिलेला नाही" हे लगेच लेखी कळवा. महिनाभर गप्प राहिलात, तर ते गप्प राहणंच तुमच्याविरुद्ध मांडलं जातं.

नेमणुकीचा आदेश वाचल्याशिवाय फाईलला लावू नका. कायम रिक्त जागेवर पात्र उमेदवार नेमला तर दोन वर्षं परिविक्षा, म्हणजे कायम होण्याआधी काम पारखण्याचा काळ; शिक्षण सेवक (सुरुवातीला ठरावीक मानधनावर नेमलेला शिक्षक) असेल तर तीन. काम समाधानकारक असेल तर ती संपल्यावर माणूस कायम झाल्याचं मानलं जातं. पण आदेशात 'तात्पुरती', 'रजा काळापुरती' असं लिहिलेलं असतं, आणि आपण दोन वर्षं मोजत बसतो. प्रत्येक तात्पुरती नेमणूक आपोआप परिविक्षेची होत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं (मोठ्या खंडपीठानं) सांगितलंय. पात्रता अपुरी असेल तर कितीही वर्षं शिकवलं तरी हा लाभ मिळत नाही.

संस्थांच्या चुकाही ठरलेल्या आहेत. परिविक्षेतल्या शिक्षकाला एका महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार देऊन कमी करता येतं, पण काम असमाधानकारक होतं हे दाखवायला त्या काळातल्या मूल्यमापनाची नोंद हवी. ती बहुतेकदा नसते, आणि मग मागाहून घाईघाईनं शेरे लिहिले जातात. शिक्षणाधिकाऱ्यांच्या पूर्वपरवानगीशिवाय निलंबन चार महिन्यांपेक्षा जास्त लांबवता येत नाही.

कायम शिक्षकाच्या चौकशीसाठी तिघांची समिती लागते: एक व्यवस्थापनाचा, एक शिक्षकानं सुचवलेला, एक राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त शिक्षकांतला. इथे शिक्षकाची एक चूक फार महागात पडते. आपला प्रतिनिधी सुचवा असं पत्र आलं की 15 दिवसांत नाव कळवायचं असतं, त्याच्या लेखी संमतीसह. रागानं किंवा भीतीनं पत्र बाजूला ठेवलं, तर प्रतिनिधी नको असं समजून दोघांचीच समिती बसते. एका चौकशीत साक्षीदाराला उलटे प्रश्न विचारू द्या, हे मला तीन वेळा लिहून द्यावं लागलं होतं. मी तिथे नसते तर ते कुणी लिहिलं असतं?

अपील लिहिताना थकीत पगार मागायला विसरू नका, आणि मधल्या काळात दुसरीकडे पगारी नोकरी नव्हती हे स्पष्ट लिहा, अर्थात ते खरं असेल तर. 2013 मध्ये औरंगाबादच्या न्यायाधिकरणातून वर गेलेल्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं न्यायाधिकरणाचा पूर्ण थकीत वेतनाचा आदेश पुन्हा लागू केला. शिक्षकानं एवढं मांडलं, की दुसरीकडे कमाई होती हे सिद्ध करण्याची जबाबदारी संस्थेवर येते. त्या मॅडमच्या पहिल्या मसुद्यात हे वाक्य नव्हतं. ते आम्ही हातानं, समासात लिहून घातलं.