ऐतिहासिक फिल्म करताय? मग या चुका टाळा

सगळ्यात जास्त दिसणारी चूक म्हणजे जुन्या काळाचा रेफरन्स म्हणून दुसरी फिल्मच बघायची. व्हायकिंग, म्हणजे उत्तर युरोपातले जुने दर्यावर्दी लढवय्ये, म्हटले की शिंगवालं हेल्मेट, झालं काम. अहो, व्हायकिंग काळातलं तसलं एकही हेल्मेट आजवर सापडलेलं नाही, ती शिंगं गाजली जर्मन संगीतकार वॅग्नरच्या १८७६ च्या ऑपेरातल्या कॉस्च्यूममुळे, आणि तेव्हापासून प्रत्येकजण आधीच्याचं बघून करतोय. हल्ली तर एआयवर इमेज काढून तीच कारागिराच्या हातात देतात, म्हणजे नकलेची नक्कल.

दुसरी चूक तोड्याची बंदूक, आणि यावर मी भांडलोय. एका शूटला आर्ट डिपार्टमेंटला होतो, सतराव्या शतकातली लढाई, भर पाऊस, आणि हिरो धडाधड तीन बार काढतो. म्हटलं, दादा, तोडा कुठाय? तोडा म्हणजे सोऱ्याच्या पाण्यात भिजवून वाळवलेली दोरी, ती सतत धुमसत ठेवायची, चाप ओढला की तिचं टोक रंजकीवर, म्हणजे बार पेटवायच्या चिमूटभर बारीक दारूवर, टेकतं तेव्हा कुठे बार उडतो. परत उडवायचा तर दारू ओता, गोळी टाका, गजाने ठासा, बंदुकीच्या कानात, म्हणजे नळीच्या बाजूच्या भोकाशी, रंजक घाला, सरावलेल्या माणसालाही अर्धा मिनिट लागतोच. आणि पावसात तोडा विझतो, रंजक भिजते. उत्तर आलं, "एवढं कोण बघतंय?" तसंच शूट झालं. मला वाईट याचं वाटलं की खरा सीनच जास्त भारी होता, समोरून घोडेस्वार येतायत, तोडा विझलाय, हिरो बंदूक फेकून तलवार उपसतो... फुकट घालवला.

तलवार उपसताना तो 'खण्ण' आवाज टाकू नका, बहुतेक म्यानं लाकूड नि चामड्याची असायची.

रोमन स्वाराच्या पायात रिकीब, म्हणजे खोगिराला लटकणारी पाय ठेवायची कडी, नको, युरोपात ती फार नंतर आली. १४९२ च्या आधीच्या युरोपात बटाटा-टोमॅटो दाखवू नका. डायलॉगमध्ये "ओके" नको, तो शब्द छापून आलाच १८३९ मध्ये.

माझी सवय सांगतो, वहीत प्रत्येक प्रॉपसमोर त्याचं जन्मसाल लिहायचं. घासून पेटणारी काडी जॉन वॉकरने १८२७ मध्ये विकायला काढली, म्हणजे त्याआधीचा दिवा चकमकीवर पेटवायचा, आणि कलाकाराला ती झाडायची प्रॅक्टिस महिनाभर आधीच द्यायची, सेटवर नाही. साल सापडलं नाही तर वस्तू फ्रेमबाहेर. नवीन पोरांना हे बोअर होतं, त्यांना डायरेक्ट कॅमेरा लावायचा असतो. लावा, पण मग 'सत्य घटनेवर आधारित' अशी पाटी टाकू नका.

आणि म्युझियममधल्या वस्तू बघा. चित्र बघत असाल तर ते कधी काढलंय ते आधी वाचा, कारण पंधराव्या शतकातले युरोपियन चित्रकार येशूच्या काळातल्या माणसांनाही सर्रास स्वतःच्या काळातले कपडे घालायचे.