जुना विंडोज होम सर्व्हर: आधी डबा उघडू नका, या चुका टाळा

माळ्यावरचा विंडोज होम सर्व्हर, म्हणजे घरातले फोटो आणि पीसींचे बॅकअप एका जागी ठेवणारा मायक्रोसॉफ्टचा जुना सर्व्हर, अजून चालू होत असेल, तर त्यातले फोटो याच आठवड्यात बाहेर काढा. फक्त स्क्रू ड्रायव्हर हातात घेऊ नका, सगळ्यात महागात पडणारी चूक तीच.

गेल्या पावसाळ्यात प्रभादेवीच्या मावशीकडे गेलो. समुद्राच्या हवेने सर्व्हरच्या स्क्रूंवर गंज चढलेला. घाबरून मावसभावाने मुख्य डिस्क काढून पीसीला जोडली होती. लग्नाच्या फोल्डरमध्ये फाइलींची नावं ओळीने दिसत होती, पण उघडेना एकही. डिस्क गेली समजून तो फॉरमॅट मारायच्या बेतात होता.

डिस्क ठणठणीत होती. २००७ च्या पहिल्या आवृत्तीतला ड्राइव्ह एक्स्टेंडर सगळ्या डिस्क मिळून एकच साठा दाखवतो. मुख्य डिस्कच्या शेअर्स फोल्डरमध्ये असते ती नुसती खूण. खरी फाइल कुठल्याही डिस्कवरच्या ‘डीई’ (DE) नावाच्या लपवलेल्या फोल्डरमध्ये असू शकते. डिस्क एनटीएफएस या विंडोजच्या नेहमीच्याच पद्धतीच्या असल्याने लपवलेल्या फाइली दाखवायचा पर्याय चालू केला, की सापडतात. आम्हाला दुसऱ्या डिस्कवर मिळाल्या. सर्व्हर चालू असेल तर हा खटाटोपच नको, नेटवर्कवरच्या शेअर्ड फोल्डरमधून सरळ कॉपी करा. २०११ च्या आवृत्तीत ड्राइव्ह एक्स्टेंडर काढूनच टाकला होता, तिथे हा घोळ नाही.

सर्व्हरने घेतलेल्या पीसीच्या बॅकअपचं मात्र तसं नाही. त्या फाइली नुसत्या उचलून नेल्या तर साध्या पीसीवर उघडणार नाहीत. सर्व्हर जिवंत असतानाच कन्सोलमधून, म्हणजे पीसीवरच्या त्याच्या प्रोग्रॅममधून, बॅकअप उघडा आणि हवं ते बाहेर काढून घ्या. आणि फोल्डर डुप्लिकेशनला, म्हणजे प्रत्येक फाइल दोन डिस्कवर ठेवण्याच्या सोयीला, बॅकअप समजू नका: फाइल चुकून डिलीट झाली, की तिची जोडप्रतही जाते.

नव्या लॅपटॉपवर सर्व्हर दिसत नाही? पहिली आवृत्ती विंडोज सर्व्हर २००३ वर उभी आहे आणि तिला एसएमबी १ हा नेटवर्कवर फाइली देण्याघेण्याचा जुना प्रोटोकॉलच कळतो. नव्या विंडोजमध्ये तो मुळात बंद असतो, आणि ते योग्यच आहे. २०१७ चा वॉनाक्राय हा खंडणी मागणारा व्हायरस याच वाटेने पसरला. एकाच पीसीवर तो चालू करा, कॉपी संपली की लगेच बंद. राउटरवर बाहेरून सर्व्हर उघडायला पोर्ट खुला ठेवला असेल, तर तो आधी बंद करा. पहिल्या आवृत्तीचे अपडेट जानेवारी २०१३ मध्ये थांबले, २०११ चे एप्रिल २०१६ मध्ये.

मावशीच्या फोटोंच्या आता दोन प्रती आहेत: एक तिच्या कपाटात, एक माझ्याकडे.