व्हिक्टोरियन रेल्वे आणि व्यापार: लिहिताना या चुका टाळा

पहिली चूक सनावळीची. इंग्लंडमधली स्टॉकटन–डार्लिंग्टन रेल्वे 1825 ची, लिव्हरपूल–मँचेस्टर 1830 ची. व्हिक्टोरिया गादीवर आली 1837 मध्ये. हे दोन्ही मार्ग पूर्वपीठिकेत घ्या.

त्याहून मोठी चूक म्हणजे रूळ पडले की माल थेट धावू लागला, असे धरून चालणे. ग्लॉस्टरचेच बघा. 1844 पासून तिथे 7 फूट पाव इंचाचे ब्रॉडगेज आणि 4 फूट साडेआठ इंचांचे रूळ समोरासमोर आले. एका वाघिणीतला (मालडब्यातला) माल हमालांनी उतरवायचा, दुसरीत चढवायचा. त्यात फुटतूट, चोऱ्या, खोळंबा. पाहणीला आलेल्या मंडळींना गोंधळ ठसठशीत दिसावा म्हणून भरून झालेल्या गाड्या पुन्हा रिकाम्या करवल्या, असाही किस्सा सांगतात. 1846 च्या कायद्याने नव्या प्रवासी मार्गांना 4 फूट साडेआठ इंचांचे माप ठरवून दिले, पण अपवादांना वाट ठेवली. ब्रॉडगेज पुरते जायला 1892 उजाडले. तेव्हा '1846 ला प्रश्न सुटला' असे लिहू नका.

माप जुळले तरी हिशेबाचे काय? एकच पेटी तीन कंपन्यांच्या रुळांवरून जायची. त्यासाठी 1842 मध्ये लंडनला रेल्वे क्लिअरिंग हाऊस सुरू झाले. जंक्शनवर त्याचे कारकून येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येक वाघिणीचा नंबर टिपून घेत, वरच्या ताडपत्रीचासुद्धा. मैलांप्रमाणे भाड्याची वाटणी होई, परक्या कंपनीची वाघीण अडकवून ठेवली तर डेमरेज (उशिराचा दंड) लागे. व्यापाऱ्याला मात्र भाडे एकदाच भरायचे. लेखांत वेगाचे कौतुक भरपूर असते, हे कारकून कुठेच नसतात.

'रेल्वे आली, घोडे गेले' हेही खरे नाही. लांब पल्ल्याच्या घोडागाड्या बंद पडल्या, पण मालधक्क्यापासून दुकानापर्यंत माल न्यायला घोडाच लागे. शहरांत घोडे उलट वाढले. लंडनला कोळसाही 1860 च्या दशकापर्यंत जहाजांनीच जास्त येई. 'रेल्वेमुळे बाजार बदलला' असे मोघम लिहिण्यापेक्षा ठोस उदाहरण द्या: 1868 च्या सेंट पँक्रस स्टेशनाच्या तळघरातले लोखंडी खांब बर्टन गावातून येणाऱ्या बिअरच्या पिंपांच्या मापाने उभारलेले आहेत.

शेवटचे, मराठी लेखकांसाठी. बोरीबंदर–ठाणे (1853) त्याच साच्यात बसवू नका. ब्रिटनमध्ये भागधारकांनी स्वतःच्या जोखमीवर पैसा घातला, 1840 च्या दशकातल्या शेअरबाजीत कित्येक बुडालेही. बोरीबंदर–ठाणे मार्ग बांधणाऱ्या जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेच्या भागधारकांना 5 टक्क्यांची सरकारी हमी होती आणि तूट भारतीय महसुलातून भरली जाई.