अर्ध्या पाईपची सूर्यघटिका: नाशिकच्या गच्चीसाठी

नाशकात काळाचा अभ्यास करणारं विद्यापीठ अजून कुणी काढलेलं नाही. काढलं, तर पहिलं प्रात्यक्षिक गच्चीवर घ्यावं लागेल आणि पहिली तक्रार ठरलेली: "सर, यंत्र ३५ मिनिटं मागे आहे."

यंत्र बरोबर असतं. प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशाची, म्हणजे मिर्झापूरजवळची. नाशिक ७३.८ वर. सूर्याला एक अंश सरकायला ४ मिनिटं लागतात, त्यामुळे मिर्झापूरला माध्यान्ह झाल्यावर सुमारे ३५ मिनिटांनी तो आपल्याकडे होतो. त्र्यंबकेश्वरला आणखी मिनिटभराने, मालेगावला ३ मिनिटं आधी.

बागेत ठेवतात तशी आडवी तबकडी इथे करू नका. २० अक्षांशावर तिच्या रेघा दुपारभोवती दाटतात: ११ ते १२ मध्ये जेमतेम ५ अंश, तर ४ ते ५ मध्ये २१. लांबीला अर्ध्या कापलेल्या पाईपच्या अक्षावर तार बसवली की तिची सावली आतल्या वक्रावर पडते आणि सगळे तास सारख्याच रुंदीचे येतात. जयपूरच्या सम्राट यंत्राचं, म्हणजे तिथल्या भव्य सूर्यघटिकेचं, तत्त्व हेच; तिची सावली पाडणारी भिंत त्या गावाच्या अक्षांशाइतकी, २७ अंशांनी चढते. आपल्याला २० पुरतात, कारण नाशिक जवळपास नेमकं २० वर आहे.

सामान थोडंच: बाहेरून ११० मिमीचा पीव्हीसी पाईप २५ सेंमी, सायकलचा एक सरळ स्पोक, ४ मिमी अ‍ॅक्रिलिकच्या ११ × ४ सेंमीच्या दोन पट्ट्या, १२ मिमी प्लाय, बसकी फळी, एपॉक्सी आणि चमक नसलेला पांढरा रंग. चकाकत्या पाईपवर सावलीची कड दिसत नाही, म्हणून रंग टाळू नका.

पाईपभोवती कागदाची पट्टी गुंडाळा, ती दुमडून निम्मं माप काढा आणि समोरासमोर दोन खुणा करा. लोखंडी अँगलमध्ये पाईप आडवा ठेवला की खुणेतून लांबीला सरळ रेघ मारता येते. हॅक्सॉने कापा. कापल्याबरोबर पाईप आतल्या बाजूला आवळतो, कारण कारखान्यात बसलेला ताण सुटतो. कडांमधलं बाहेरचं अंतर पुन्हा ११० मिमी करून, तसंच धरून, दोन्ही टोकांना पट्ट्या चिकटवा. पट्टीची वरची कड पाईपच्या कापलेल्या कडांशी सपाट हवी. मध्यावर, ५५ मिमीवर, १ मिमी खोल खाच करून त्यात स्पोक बसवा. स्पोक २ मिमी जाड असतो, म्हणजे त्याचा मध्य नेमका पाईपच्या अक्षावर येतो. तो वर-खाली राहिला तर तास सारखे पडत नाहीत आणि चूक कुठे आहे ते नंतर सापडत नाही.

आतला व्यास स्वतः मोजा. तो १०४ मिमी भरला तर अर्धा घेर १६३ मिमी, त्याचे १२ भाग, प्रत्येकी १३.६ मिमी. पाव तास ३.४ मिमी. याहून बारीक खुणा करण्यात अर्थ नाही. स्पोकची सावलीच ९ मिनिटांइतकी रुंद पडते. वाचायचा तो तिचा मध्य. हौस असेल तर त्याच अर्ध्या घेराचे ३० भाग करून घटिकाही आखा, एक घटिका २४ मिनिटांची. मात्र पंचांगातल्या घटिका सूर्योदयापासून मोजतात, त्यामुळे या खुणांवरून फक्त कालावधी कळतो.

या खुणांची पट्टी कागदाची करा आणि पाईपच्या आत आडवी बसवा. पश्चिमेच्या कडेला सकाळचे ६, तळाला १२, पूर्वेच्या कडेला संध्याकाळचे ६. प्रमाणवेळ हवी असेल तर अख्खी पट्टी ८ मिमी पश्चिमेकडे सरकवा, म्हणजे तळाशी १२:३५ येतात. जूनमध्ये उगवल्यावरचा आणि मावळण्याआधीचा अर्धा-पाऊण तास या पाईपमध्ये येत नाही, तो सोडून द्या.

प्लायच्या दोन काटकोनी पाचरी कापा: पाया ३० सेंमी, उभी बाजू १०.९ सेंमी. ८ सेंमी अंतरावर समांतर उभ्या करून पाईप त्यांच्यामध्ये बसवा, पण उंच टोकाकडे सरकवून. नाहीतर खालचं टोक फळीला टेकतं आणि कोन बिघडतो. उंच टोक उत्तरेला.

आता खरी मेहनत. गच्चीला पाण्यासाठी उतार असतोच. पूर्व-पश्चिम दिशेत मीटरला दीड सेंमी उतार राहिला तर यंत्र दिवसभर ३ मिनिटांहून जास्त चुकतं. कडांवर आडवी पट्टी ठेवून त्यावर लेव्हल ठेवा आणि फळीखाली पातळ पत्रा सारा.

उत्तरेसाठी मोबाईलचं होकायंत्र नको, स्लॅबमधल्या सळया त्याला फसवतात. ३० सेंमीची काठी ओळंब्याने उभी करा, तिच्याभोवती वर्तुळ काढा, सकाळी आणि दुपारी सावलीचं टोक वर्तुळावर येतं ते दोन बिंदू घ्या. त्यांना जोडणारी रेघ पूर्व-पश्चिम, तिला काटकोनात उत्तर. मात्र २० मे ते २३ जुलै या काळात माध्यान्हीचा सूर्य डोक्याच्या उत्तरेला असतो आणि दुपारची सावली दक्षिणेकडे पडते. "दुपारची सावली उत्तरेला" या पाठांतरावर तेव्हा बसवलेलं यंत्र उलटं बसतं. नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम. रात्री खातरजमा होते: खालच्या टोकाला डोळा लावून स्पोकच्या रेषेत पाहिलं की ध्रुवतारा दिसायला हवा.

एवढं करूनही फेब्रुवारीत यंत्र १४ मिनिटं मागे आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला १६ मिनिटं पुढे दिसेल. पट्टीला हात लावू नका. पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळ आहे आणि तिचा अक्ष कललेला, म्हणून सूर्याचे दिवस एकसारखे नसतात. पाचरीवर एवढं लिहून ठेवा: ११ फेब्रुवारीला १४ मिळवा, मेच्या मध्याला ४ वजा, जुलैअखेर साडेसहा मिळवा, ३ नोव्हेंबरला १६ वजा, १५ एप्रिल, १३ जून, १ सप्टेंबर आणि २५ डिसेंबरच्या सुमारास काहीच नाही.