फॉल्स सीलिंगमध्ये कन्सील्ड लाईट्स लावताय? आधी पंखा कुठेय ते बघा

सीलिंग लाईट लावायची म्हटलं की सगळे आधी वॉट आणि रंगाचं बोलतात, पण खरं काम जागा ठरवण्याचं आहे, कारण लाईट बदलता येते, सीलिंगला पडलेलं भोक बदलता येत नाही. आणि जागा ठरवताना सगळ्यात जास्त घोळ होतो तो पंख्यामुळे. लाईट पात्याच्या वर किंवा अगदी जवळ आली की पंखा चालू केल्यावर पूर्ण खोलीत सावली भिरभिरत राहते, दहा मिनिटांत डोकं उठतं. 48 इंची पंख्याचं पातं मध्यापासून 2 फुटांपर्यंत जातं, त्यामुळे लाईट मध्यापासून कमीत कमी 3 फूट तरी लांब पाहिजे, जास्त असेल तर अजून चांगलं.

समजा हॉल 10 बाय 14 आहे. भिंतीपासून 2 फूट आत अशा दोन्ही लांब बाजूंना तीन-तीन लाईट्स, 10 वॉटच्या, बास झालं. मधली जोडी पंख्यापासून बरोबर 3 फुटांवर येते म्हणजे काठावर पास. सहाच्या दहा करू नका, दुकानदार सांगेलच, पण सोफ्यावर आडवं पडलं की सगळ्या डोळ्यात घुसतात. रंग म्हणाल तर हॉल-बेडरूमला 3000 किंवा 4000 केल्विन, ते 6500 वालं पांढरंफटक किचनला ठीक आहे.

आता भोक. बॉक्सवर 'कटआउट' म्हणून मिलीमीटरमध्ये आकडा छापलेला असतो, तोच घ्यायचा, लाईटची बाहेरची रिंग मोजून भोक पाडलं तर लाईट सरळ खाली येईल. एकाच वॉटच्या लाईटचा कटआउट कंपनीप्रमाणे वेगळा असतो त्यामुळे लाईट हातात आल्याशिवाय कटर घ्यायला जाऊच नका.

पेन्सिलने खूण केली की तिथे एक लोहचुंबक फिरवा. जिप्समचे बोर्ड वरच्या जीआय चॅनलला, म्हणजे पत्र्याच्या पट्ट्यांना, स्क्रूने मारलेले असतात, पुट्टीखाली स्क्रू असला तरी चुंबक टक्कन ओढला जातो, आणि असे दोन-तीन स्क्रू एका रेषेत सापडले की तिथून चॅनल गेलंय समजायचं, खूण सरकवायची. मग मधोमध छोटं भोक पाडून त्यात वाकवलेली तार घालून गोल फिरवा, कुठे अडली तर वर चॅनल किंवा वायरचा पाईप आहे. लाईटची उंची आणि वरची मोकळी जागाही त्याच तारेने मोजून घ्या. हे सगळं झाल्यावरच ड्रिलला होल सॉ (गोल भोक पाडणारी करवत) लावायचा, स्पीड कमी, जोर अजिबात नाही, आणि डोळ्याला गॉगल, कारण ती पांढरी भुकटी सरळ तोंडावरच येते. होल सॉ नसेल तर जिप्सम हातकरवतीने पण आरामात कापलं जातं, वेळ लागतो फक्त.

वायरिंगला हात लावायच्या आधी मेन बंद, आणि घरात इन्व्हर्टर असेल तर तोही बंद!! हे लोक विसरतात. मेन पाडला तरी लाईटच्या वायरीत इन्व्हर्टरचा 230 व्होल्ट तसाच असतो. मेन पाडायच्या आधीच टेस्टर चालू सॉकेटमध्ये लावून बघा की तो चालतोय, मग सगळं बंद करून लाईट पॉइंटच्या दोन्ही वायरींना लावा. नवीन पॉइंट काढायचा असेल, बोर्डातून नवीन वायर ओढायची असेल तर लायसन्सवाला वायरमनच बोलवा, तिथे हौस नको.

पॉइंट आधीच काढलेले असतील तर जोडणी सोपी आहे. स्विचकडून आलेली फेज आणि न्यूट्रल पहिल्या ड्रायव्हरच्या (लाईटसोबत येणारा छोटा डबा) इनपुटला, तिथूनच पुढच्या लाईटला लूप, म्हणजे सगळ्या पॅरलल. सहा लाईट्सचे मिळून 60 वॉट, पाव अँपिअरच्या आसपास, त्यामुळे 1 स्क्वेअर एमएमची वायर भरपूर झाली. जोड नुसता पिळून टेप मारू नका, कनेक्टर लावा, आणि फूटभर वायर जास्तीची ठेवा, उद्या ड्रायव्हर गेला तर लाईट खाली ओढून बदलता आली पाहिजे. ड्रायव्हर आणि लाईटमधला प्लग सप्लाय चालू करायच्या आधीच जोडायचा, चालू ड्रायव्हरला लाईट जोडली तर एलईडी उडू शकते.

बसवताना दोन्ही स्प्रिंग वर दाबून धरा, भोकात घाला, आणि बोटं पटकन काढा, ती स्प्रिंग फाटकन बसते.

चालू केल्यावर आरसीसीबी (करंट गळला की सप्लाय तोडणारा स्विच) पडत असेल तर बहुतेक इन्व्हर्टर लाईनचा न्यूट्रल दुसऱ्या सर्किटच्या न्यूट्रलला जोडला गेलाय. आणि स्विच बंद करूनही लाईट मिणमिणत असेल तर बोर्ड उघडून बघायला लावा, स्विचवर फेजऐवजी न्यूट्रल आलेला असू शकतो किंवा स्विच इंडिकेटरवाला असतो. इंडिकेटरवाला असेल तर साधा स्विच टाकून काम होतं, पण न्यूट्रल स्विचवर असेल तर तसंच चालवू नका, कारण बटण बंद असतानाही वर लाईटपर्यंत करंट पोचलेला असतो.